आईचं चिंध्यांचं बोचकं

आई गेल्यावर तिची लोखंडी पेटी उघडली. वर दोन नऊवारी लुगडी, त्याखाली पोस्टाची पासबुकं आणि तळाशी तीन बोचकी. बोचकी सोडली, तर आत चिंध्या! माझी सून शेजारी बसली होती. ती म्हणाली, "आई, हे तर टाकायचंच ना?" मी हो म्हणणार होते. पण चिंध्या कशाही कोंबलेल्या नव्हत्या. एका बोचक्यात फक्त सुती कात्रणं, दुसऱ्यात खणांचे तुकडे आणि लुगड्यांचे काठ, तिसऱ्यात टेरिकॉट. शेवटी शेवटी आईला नीट दिसत नव्हतं. म्हणजे ही वर्गवारी तिनं बोटांनी चाचपून केली असणार.

मी शाळेत तीस वर्षं इतिहास शिकवला. पुण्याच्या पेशवे दप्तरात जुने कागद कापडी रुमालांत बांधून ठेवतात, हे मुलांना कौतुकानं सांगितलं. आमच्या घरातले हे तीन रुमाल मात्र कधी सोडून पाहिले नव्हते. सुनेला म्हटलं, "थांब जरा." त्या थांबण्यातून जे हाती लागलं, ते आज तुम्हाला सांगते.

चिंधी दोन प्रकारची. एक जुनेराची, म्हणजे वापरून विरलेल्या कापडाची. दुसरी कात्रणाची, म्हणजे नवं कापड बेतताना उरलेली. यातली जुनेराची चिंधी थोरली. आपल्याकडे शिवणकाम जुनंच आहे. संत नामदेव तेराव्या शतकात शिंप्याच्याच घरात जन्मले. पण सामान्य घरातल्या माणसांच्या अंगावरचं बहुतेक कापड न शिवलेलं असे. लुगडं, धोतर, उपरणं, पंचा, पागोटं. जे कापायचंच नाही, त्याचं कात्रण कुठून उरणार? बाईच्या अंगावर शिवलेली म्हणायची ती चोळी. तिच्यासाठी खण विणला जाई तोच चोळीपुरता. त्यातून चार बोटांचे तुकडे उरले, तर बाळाच्या कुंचीला, सुपारीच्या बटव्याला नाहीतर बाहुलीच्या परकराला जात.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर दोन गोष्टी जवळजवळ एकाच वेळी घडल्या. १८५१ मध्ये अमेरिकेत आयझॅक सिंगर यांनी आपल्या शिवणयंत्राचं पेटंट घेतलं आणि १८५४ मध्ये मुंबईत कावसजी दावर यांनी कापडगिरणी काढली. पुढं गिरणीचं कापड गावोगाव पोचलं, यंत्र आधी शिंप्याच्या दुकानात आणि मग घरात आलं. सदरा, लेंगा, पोलकं, झगा अंगावर चढले आणि घरोघरी कात्रणं साठू लागली. आईच्या सुती बोचक्यात माझ्या शाळेच्या निळ्या स्कर्टपासून भावाच्या पट्ट्यापट्ट्यांच्या शर्टापर्यंत सगळे होते. ती तिच्या हातमशीनची रोजनिशीच होती.

या चिंधीबद्दलची मला ठाऊक असलेली सगळ्यात सुंदर गोष्ट बौद्धांच्या विनयपिटकात आहे. कौशांबीच्या उदयन राजाच्या राण्यांनी आनंदाला पाचशे वस्त्रं दान दिली. पाली ग्रंथात या राजाला उदेन म्हटलं आहे. त्याला शंका आली, की हा भिक्षू एवढ्या कापडाचं करणार काय, दुकान काढणार की काय? त्यानं आनंदालाच गाठून विचारलं. आनंद म्हणाला, ज्या भिक्षूंची चीवरं जीर्ण झाली आहेत, त्यांना वाटून देऊ. मग जीर्ण चीवरांचं काय? त्यांची पांघरुणं करू. जुन्या पांघरुणांचं? गाद्यांच्या खोळी. जुन्या खोळींचं? जमिनीवरची अंथरुणं. मग त्यांची पायपुसणी, पायपुसण्यांची फडकी, आणि फडकीही संपली की ती कुटून, चिखलात मळून जमीन लिंपू. राजा इतका खूश झाला, की त्यानं आणखी पाचशे वस्त्रं दिली.

ही गोष्ट वाचली तेव्हा मला हसू आलं, कारण मी ती डोळ्यांनी पाहिली होती. कऱ्हाडजवळच्या आमच्या खेड्यात आजीचं लुगडं मधोमध विरलं की ती विरलेला भाग कापून टाकी आणि दोन्ही चांगली टोकं जोडून घेई. याला 'दंड घालणं' म्हणत. दंडाचं लुगडंही विरलं की त्याचं जुनेर होई. त्यातला सगळ्यात मऊ भाग बाळाच्या दुपट्याला आणि लंगोटांना. बाकीची गोधडी. गोधडी पांघरण्यासारखी राहिली नाही की अंथरायला. तीही फाटली की तिच्यातून पायपुसणं निघे, डोक्यावर घागर ठेवायला चुंबळ निघे, आम्हा मुलांना लगोरीसाठी चिंध्यांचा चेंडू मिळे. एखादा लांब तुकडा पिळून, तेलात भिजवून त्याचा काकडा होई. देवाला पहाटे जागं करणाऱ्या काकड आरतीला नाव मिळालं ते या कापडाच्या जाड वातीवरून. आणि अगदी शेवटी उरे ते चुलीजवळचं पोतेरं. ते शेणात भिजून भिजून एक दिवस सारवणातच विरघळून जाई. आजीला पाली येत नव्हती, तिला मराठी अक्षरओळखही नव्हती. पण आनंदाची शिडी ती पायरी न चुकवता उतरत होती.

गोधडी शिवायला बसणं हा उन्हाळ्यातला मोठा कार्यक्रम असे. अंगणात खाली एक आख्खं लुगडं ताणून पसरायचं. त्यावर चिंध्या अशा मांडायच्या की कुठे उंचवटा राहू नये, कुठे खळगा पडू नये. वर दुसरं लुगडं. मग चारी कडांना मोठे टाके घालून ते पक्कं करायचं आणि कडेकडेनं धावदोरा घालत, चौकोनात चौकोन करत मध्याकडे यायचं. बाहेरून आत आलं की कापडाला पडलेली सुरकुती मधे ढकलत नेता येते. दोराही पुष्कळदा विकतचा नसे, लुगड्याच्या काठातून उसवलेला असे. तीन-चार बायका चार बाजूंना बसत. कुणाच्या सुनेला दिवस गेलेत, कुणाच्या नवऱ्यानं दारू धरली, हे सगळं त्या टाक्यांबरोबर आत शिवलं जाई.

ही विद्या एकट्या महाराष्ट्राची नाही. बंगालात हिला कांथा म्हणतात, बिहारात सुजनी, उत्तर कर्नाटकात कौदी. कारवारच्या वर, यल्लापूर-हल्याळच्या जंगलपट्ट्यात सिद्दी लोक राहतात. त्यांचे पूर्वज आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणले गेले. त्यातले कितीतरी पोर्तुगिजांच्या गोव्यातून पळून घाटावर आले. त्यांच्या गोधडीला कवंदी म्हणतात. तीही कडेकडून आत शिवत नेतात. कवंदीच्या चारी कोपऱ्यांवर घडी घातलेल्या कापडाची छोटी 'फुलं' लावतात. फुलं नसतील तर ती कवंदी उघडी समजतात. ज्यांच्याकडून सगळं हिरावून घेतलं होतं, त्यांनी चिंध्यांच्या पांघरुणालाही फुलाशिवाय घराबाहेर पडू दिलं नाही.

इथवर तुम्हाला वाटेल, की बाई जुन्या काळाचे गोडवे गाताहेत. तसं नाही. चिंधीची दुसरी बाजू मला वसतिगृहात कळली. १९६९ साली मी पुण्याला शिकायला आले, तेव्हा आजीनं दिलेली गोधडी मला लाजिरवाणी वाटे. मी ती चादरीखाली लपवून ठेवी. खोलीतली मैत्रीण दलित कुटुंबातली होती. तिनं एकदा ती पाहिली आणि विचारलं, "यातली लुगडी कुणाची?" मी म्हटलं, "आजीची, आईची." ती म्हणाली, "मग लपवतेस कशाला? आमच्या घरी गोधडी आहे ती फक्त आमच्या आईच्या लुगड्यांची. दुसऱ्याचं जुनेर घरात आणायचं नाही, असा माझ्या आजोबांचा नियम आहे." त्या वेळी मला त्या नियमाचा अर्थ नीट समजला नाही.

तो पुढं वाचताना समजला. भगवान बुद्धांचे भिक्षू उकिरड्यावरच्या, स्मशानातल्या चिंध्या वेचून चीवर शिवत. त्याला पांसुकूल म्हणत. मगधातल्या बांधाबांधांच्या शेतांकडे बोट दाखवून बुद्धांनी आनंदाला विचारलं, असं चीवर शिवता येईल का? आनंदानं त्या शेतांसारखे तुकडे जोडून ते शिवलं. नाथपंथी जोगी कंथा पांघरत. आपल्या विदर्भात, अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावी १८७६ मध्ये जन्मलेल्या गाडगे महाराजांनी जन्मभर चिंध्यांचाच वेष केला. लोक त्यांना गोधडे बुवा, चिंधे बुवा म्हणत आणि त्यांनी धर्मशाळा उभ्या केल्या त्या दुसऱ्यांसाठी. या सर्वांनी चिंधी स्वतः निवडली होती.

पण मनुस्मृतीच्या दहाव्या अध्यायात चांडाळांनी मेलेल्यांची वस्त्रं वापरावीत असा नियम घातला आहे. चिंधी तीच, पण इथं ती लादलेली आहे. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली त्या ग्रंथाचं दहन झालं. त्याच परिषदेच्या वेळी जमलेल्या स्त्रियांशी बाबासाहेब बोलले, तेव्हा त्यांनी लुगडं कसं नेसावं हाही विषय काढला. वरच्या म्हणवणाऱ्या जातींच्या बायका नेसतात तसं नेसा, कपडा फाटका असला तरी चालेल, पण तो स्वच्छ असू द्या, असं त्यांनी सांगितलं. माझ्या मैत्रिणीच्या आजोबांचा नियम या वाटेवरचा होता. म्हणून चिंधीचा इतिहास सांगताना ती कुणाची आणि कुणाच्या मर्जीनं, हे आधी विचारावं लागतं.

माझ्या आईनं चिंध्या जमवल्या त्या काही वैराग्यानं नाही. तिचं लग्न महायुद्धाच्या टंचाईत झालं. १९४३ मध्ये सरकारनं सुती कापडावर आणि सुतावर नियंत्रण आणलं होतं. कापडासाठी रांगा लागत. त्या दिवसांत हाताला लागलेली सवय पुढं साठ-सत्तर वर्षं सुटली नाही. रात्री सगळे निजल्यावर कंदिलाच्या उजेडात ती ठिगळं लावत बसे. काटकसरीचं आपण कौतुक करतो, पण त्या काटकसरीची किंमत तिच्या डोळ्यांनी मोजली.

मग ही शिडी मोडली कधी? माझ्या पिढीत, आणि थोडी माझ्याच हातानं. टेरिलीन आलं, नायलॉनच्या साड्या आल्या. त्या लवकर विरत नाहीत, घाम टिपत नाहीत, गोधडीत सरकतात. त्यांचं जुनेर होतच नाही. आणि दारावर बोहारीण येऊ लागली. चार जुन्या साड्या द्या, स्टीलचं भांडं घ्या. १९७४ मध्ये आजी वारली, तेव्हा तिचं हिरव्या काठाचं लुगडं आई माझ्याकडे देऊन म्हणाली, "तुझ्या बाळाच्या गोधडीला ठेव." मी तेव्हा नव्या संसाराच्या भरात होते. महिन्याभरात ते दुसऱ्या तीन साड्यांबरोबर बोहारणीला दिलं आणि एक पातेलं घेतलं. आईला कळलं. ती काही बोलली नाही. पातेलं अजून माझ्या स्वयंपाकघरात आहे, त्यात रोज दूध तापतं.

त्या दिवशी दुसरं बोचकं उपसताना सुनेच्या हाताला एक हातभर पट्टी लागली. हिरवा काठ, त्याला लागून थोडं विटकं लाल सूत. मी ती ओळखली. लुगडं माझ्या हवाली करण्याआधीच आईनं त्याच्या टोकाचा तुकडा फाडून ठेवला असणार. मी काय करीन, हे तिला बहुधा माझ्याआधी कळलं होतं.

आम्ही काहीच टाकलं नाही. सुती कात्रणं गरम पाण्यातून काढून कडक उन्हात वाळवली. शिवल्यावर आटू नयेत आणि रंग सुटायचा तो आधीच सुटावा म्हणून. टेरिकॉटच्या पट्ट्या कापून सुनेनं त्यांची वेणी घातली आणि गोल गुंडाळून पायपुसणी शिवली. सुताचं आणि टेरिकॉटचं एकत्र करायचं नाही, एवढं आईच्या बोचक्यांनी आम्हाला शिकवलं होतं. खणांच्या तुकड्यांचे तीन बटवे झाले. सुती तुकड्यांची एक लहान गोधडी आम्ही दोघी शिवतो आहोत. सून यंत्रावर शिवू म्हणत होती, पण मी हातानंच धरलं आहे. माझे टाके वाकडे येतात, ती उसवून पुन्हा घालते.

हिरवा काठ अजून बाजूला ठेवला आहे. चारी कोपऱ्यांवर चार फुलं करायची, तर तो पुरेल असं सून म्हणते. काल तिनं मोजून पाहिला.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)