पेट्रोल पंपावर भेटलेला गोलकीपर

चहा घेऊन बसला असाल तर उत्तमच, कारण आजची गोष्ट जरा लांबची आहे.

आजचा विषय फुटबॉलचा आहे. थांबा, लगेच रेडिओ बंद करू नका! आपल्यातले निम्मेअधिक क्रिकेटवाले आहेत हे मला ठाऊक आहे, आणि मीही त्यातलाच. म्हणून सुरुवात आपल्या ओळखीच्या गावापासून करतो. पोर्ट ऑफ स्पेन. त्रिनिदाद बेटावरचं हे शहर आपल्या आधीच्या पिढीला पाठ होतं. १९७१ साली अजित वाडेकरांच्या संघाने वेस्ट इंडीजला पहिल्यांदा कसोटीत हरवलं ते इथेच. दिलीप सरदेसाईंनी शतक ठोकलं आणि सुनील गावसकर नावाच्या एका मुलाने कसोटी पदार्पण केलं तेही इथेच. त्रिनिदादच्या लोकांनी गावसकरांवर कॅलिप्सो रचला, तो आपल्याकडे अजून लोक आठवणीने ऐकतात.

तर त्याच पोर्ट ऑफ स्पेनमध्ये लहानाचा मोठा झालेला एक गोलकीपर होता. त्याचं नाव शाका हिस्लॉप.

हे नाव आमच्या घरात आणलं माझ्या मुलाने. ऑक्टोबर महिन्यात इथल्या शाळांत कृष्णवर्णीयांच्या इतिहासाचा महिना पाळतात, हे तुम्हा पालकांना माहीत आहेच. मुलगा घरी आला आणि जेवताना म्हणाला, "बाबा, तुला शाका हिस्लॉप माहितीये? तो जन्मला लंडनमध्ये, पण खेळला त्रिनिदादकडून. मग तो नक्की कुठला?"

मी म्हटलं, वाचून सांगतो. कन्सल्टंट माणसाची ही सवयच असते, उत्तर येत नसलं की "बघून सांगतो" म्हणायचं. पण खरंच वाचत बसलो, आणि त्या प्रश्नाबरोबर दुसराच एक प्रश्न मला चिकटला. तोच आज तुमच्यापुढे ठेवतो.

शाकाचा जन्म फेब्रुवारी १९६९ मधला, पूर्व लंडनच्या हॅकनी भागातला. बालपण मात्र त्रिनिदादमध्ये गेलं. पोर्ट ऑफ स्पेनच्या सेंट मेरीज कॉलेजात तो शिकला. उंची सहा फूट चार इंच, त्यामुळे गोलच्या दांड्यांमध्ये उभा राहणार हे जवळपास ठरलेलंच. पण घरचा आग्रह शिक्षणाचा. ऐकल्यासारखं वाटतंय ना? तो अमेरिकेत वॉशिंग्टनच्या हॉवर्ड विद्यापीठात गेला. हे कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांसाठीचं जुनं, नावाजलेलं विद्यापीठ. फुटबॉलने त्याला तिथवर नेलं आणि तिथे त्याने पदवी घेतली ती मेकॅनिकल इंजिनिअरिंगची. नासामध्ये इंटर्नशिपही केली. १९८८ साली हॉवर्डचा संघ राष्ट्रीय विद्यापीठ स्पर्धेच्या अंतिम सामन्यापर्यंत पोहोचला आणि इंडियानाकडून एका गोलने हरला.

म्हणजे बघा, हातात इंजिनिअरिंगची पदवी आणि नासाचा अनुभव. आपल्या घरातला मुलगा असता तर पेढे वाटून झाले असते, आणि त्याने "मी आता गोलकीपर होतो" म्हटलं असतं तर आजी तीन दिवस जेवली नसती. शाकाने तेच केलं. १९९२ मध्ये तो इंग्लंडमधल्या रेडिंग क्लबात आला. रेडिंग तेव्हा तिसऱ्या पायरीवर खेळत होतं. दोन वर्षांत ते ती पायरी जिंकून वर आले, आणि पुढच्याच मोसमात दुसऱ्या पायरीवर दुसरे आले. एरवी दुसऱ्या क्रमांकाला प्रीमियर लीगचं दार आपोआप उघडतं. पण नेमकं त्याच वर्षी प्रीमियर लीग २२ संघांवरून २० संघांवर आणायचं ठरलं होतं, त्यामुळे बढतीच्या जागा घटल्या. रेडिंगला वेम्बलीवर जादाचा सामना खेळावा लागला. बोल्टनविरुद्ध ते दोन गोलांनी पुढे होते, आणि शेवटी ४-३ असे हरले.

क्लब वर गेला नाही, पण गोलकीपर गेला. १९९५ च्या उन्हाळ्यात न्यूकॅसलने पंधरा लाखांहून जास्त पौंड मोजून त्याला घेतलं. केविन कीगन यांचा तो संघ अजून लोकांच्या आठवणीत आहे. भराभर गोल करायचा, गोल खायचा, आणि जिंकायचा. त्या मोसमात एकदा तर ते गुणतक्त्यात १२ गुणांनी पुढे होते. शेवटी मँचेस्टर युनायटेडने त्यांना मागे टाकलं.

आता येतो तो पेट्रोल पंप.

न्यूकॅसलच्या सेंट जेम्स पार्क या मैदानासमोर शाका एका रात्री गाडीत पेट्रोल भरत होता. गाडीत बायको आणि लहान मुलगी. पलीकडून तरुणांचं एक टोळकं त्याच्या रंगावरून शिव्या देऊ लागलं. आणि मग त्या टोळक्यातल्या एकाच्या लक्षात आलं की हा तर आपला गोलकीपर. शिव्या थांबल्या. तीच मुलं पुढे आली आणि त्याची सही मागू लागली.

शाकाने हा प्रसंग पुढे अनेकदा जाहीरपणे सांगितला आहे. मी तो वाचला आणि थबकलो. माणूस तोच, रंग तोच, दोन मिनिटांत बदललं काय? फक्त एवढंच, की तो त्यांच्या उपयोगाचा निघाला.

इथे मला माझा एक प्रसंग सांगावा लागेल. फार अभिमानाचा नाही. काही वर्षांपूर्वी शनिवारी संध्याकाळी मी बसथांब्यावर उभा होतो. जुनं जॅकेट, हातात भाजीची पिशवी. दोन पोरं जाता जाता ओरडली, "आपल्या देशात परत जा." कुणी हात लावला नाही, काही झालं नाही. पण माझ्या मनात पहिला विचार काय आला असेल? "यांना माहीत नाही मी कोण आहे." मी एमबीए केलंय, मोठमोठ्या कंपन्यांना सल्ला देतो, वेळेवर कर भरतो. गळ्यात ऑफिसचं ओळखपत्र असतं तर हे असं बोलले नसते, असं मला वाटत होतं.

पेट्रोल पंपाची गोष्ट वाचल्यावर त्या विचाराची मला लाज वाटली. कारण त्याचा अर्थ असा होतो की ज्याच्या गळ्यात ओळखपत्र नाही, त्याला ती शिवी चालेल. जो रात्रपाळीला गोदामात जातो, जो टॅक्सी चालवतो, जी बाई नुकतीच आली आहे आणि जिला अजून इंग्रजी धड येत नाही, त्यांचं काय? त्यांची सही कोण मागणार?

शाकालाही सोपी वाट मोकळी होती. सही द्यायची, गाडीत बसायचं, आपण प्रसिद्ध आहोत म्हणून वाचलो असं म्हणायचं आणि विसरून जायचं. त्याने तसं केलं नाही. वर्णद्वेषाविरुद्ध काम करणाऱ्या एका स्थानिक मोहिमेला त्याने ५० पौंडांची देणगी पाठवली. प्रीमियर लीगच्या खेळाडूसाठी ही रक्कम काहीच नाही. पण मोहीम चालवणाऱ्या जेड ग्रेबी यांनी पैशापेक्षा मोठं काहीतरी मागितलं: शाळेत येऊन मुलांशी बोलशील का? शाका गेला. संघातला गोरा सहकारी जॉन बेरेसफर्डही त्याच्याबरोबर गेला. मुलं खेळाडूंकडे बघत बसली, ऐकत राहिली, आणि त्यातून १९९६ मध्ये 'शो रेसिझम द रेड कार्ड' ही संस्था उभी राहिली. फुटबॉलमध्ये रेड कार्ड म्हणजे मैदानाबाहेर. ती संस्था आजही माजी खेळाडूंना घेऊन शाळाशाळांत जाते आणि मुलांबरोबर कार्यशाळा घेते. शाका तिचा मानद अध्यक्ष आहे.

मंडळी, आता मुलाच्या मूळ प्रश्नाकडे. तो नक्की कुठला?

फेब्रुवारी १९९८ मध्ये चिलीविरुद्धच्या सामन्यासाठी इंग्लंडने शाकाला आपल्या संघात बोलावलं. तो बाकावर बसला, मैदानात उतरला नाही. त्याच वर्षी तो न्यूकॅसल सोडून वेस्ट हॅममध्ये गेला, आणि पहिल्याच मोसमात तिथल्या प्रेक्षकांनी त्याला वर्षाचा सर्वोत्तम खेळाडू निवडलं. तो वाट बघत बसला असता तर कदाचित इंग्लंडचं पुन्हा बोलावणं आलं असतं. त्याऐवजी १९९९ मध्ये तो त्रिनिदाद आणि टोबॅगोकडून खेळू लागला.

हा काही फायद्याचा सौदा नव्हता. जेमतेम १३ लाख लोकवस्तीचा देश, विश्वचषकात एकदाही न गेलेला. १९८९ च्या नोव्हेंबरमध्ये संधी अगदी हातात आली होती. पोर्ट ऑफ स्पेनमध्ये अमेरिकेविरुद्ध नुसती बरोबरी हवी होती. सगळं स्टेडियम लाल कपड्यांत आलं होतं. अमेरिकेच्या पॉल कॅलिजुरीने लांबून एक गोल मारला आणि सगळं संपलं. ती जखम १६ वर्षं भरली नाही. भरली ती नोव्हेंबर २००५ मध्ये, जेव्हा बहरीनमध्ये डेनिस लॉरेन्सच्या हेडरने सामना जिंकला आणि त्रिनिदाद विश्वचषकात पोहोचला. तोवर विश्वचषक गाठलेल्या देशांमध्ये सर्वांत कमी लोकसंख्येचा देश हाच.

शाका तेव्हा ३७ वर्षांचा होत आला होता. मधल्या काळात पोर्ट्समथला प्रीमियर लीगमध्ये नेऊन तो पुन्हा वेस्ट हॅममध्ये परतला होता. मे २००६ मध्ये एफए कपच्या अंतिम सामन्यात लिव्हरपूलविरुद्ध ३-३ अशी बरोबरी झाली. पेनल्टीत शाकाने एक अडवली, पण वेस्ट हॅम हरलं. चार आठवड्यांनी तो जर्मनीत होता, आणि तिथेही राखीव म्हणून. पहिल्या पसंतीचा गोलकीपर केल्विन जॅक होता. राखीव गोलकीपरची अवस्था आपल्या दुसऱ्या विकेटकीपरसारखीच. पहिल्याला काही झालं तरच तुमचा नंबर.

१० जून २००६, डॉर्टमुंड. समोर स्वीडन, म्हणजे इब्राहिमोविच, लार्सन आणि ल्युंगबर्ग. सामन्याआधी अंग मोकळं करतानाच जॅकला दुखापत झाली. शाकाला सांगण्यात आलं, तू खेळतोयस. दुसऱ्या सत्राच्या सुरुवातीलाच त्रिनिदादच्या एव्हरी जॉनला रेड कार्ड मिळालं. उरले दहा जण. स्वीडनने गोलवर फटक्यांचा मारा केला आणि शाकाने एकेक करून ते अडवले. निकाल ०-०. त्रिनिदादचा विश्वचषकातला पहिला सामना, पहिला गुण. इथे इंग्लंडमध्ये ज्यांनी तो दिवस पाहिलाय त्यांना विचारा, त्या बरोबरीचा आनंद अनेक विजयांपेक्षा मोठा होता.

पाचच दिवसांनी न्यूरेंबर्गमध्ये समोर कोण? इंग्लंड. ज्या देशात तो जन्मला, ज्याच्या बाकावर एकदा बसला, तोच. ८२ मिनिटं इंग्लंडला गोल करता आला नाही. ८३ व्या मिनिटाला पीटर क्राउचने हेडर मारला, शेवटी जेरार्डने दुसरा गोल केला. त्रिनिदाद हरला. पुढे पॅराग्वेविरुद्धही हरून तो स्पर्धेबाहेर गेला. एकही गोल नाही, एकच गुण. तरी त्या एका गुणाने त्या देशाला केवढं दिलं!

त्यानंतर शाका अमेरिकेत थोडं खेळला, निवृत्त झाला आणि दूरचित्रवाणीवर फुटबॉलचा समालोचक झाला.

मुलाला मी सांगितलं, तो लंडनचाही आहे आणि त्रिनिदादचाही. पासपोर्टवर एक जागा लिहितात, माणसात दोन मावतात. तुझ्यातही मावतील. तो म्हणाला, "ओके," आणि दुसरी पोळी घेतली. मुलांना हे आपल्यापेक्षा सोपं जातं.

माझा स्वतःचा प्रश्न मात्र सुटलेला नाही. त्या पंपावर आपण नेहमी स्वतःला शाकाच्या जागी बघतो. पण मंडळी, कधीकधी आपण पलीकडच्या टोळक्यातही असतो. घरात, मराठीत, कुणाला कळणार नाही अशा समजुतीने आपण शेजाऱ्यांच्या रंगाबद्दल काय बोलतो? मुलीने मित्राचं नाव सांगितल्यावर पहिला प्रश्न कोणता विचारतो? लग्नाच्या स्थळाचा फोटो बघून आत्या काय म्हणते? मुलांना मराठी येत नाही अशी आपली तक्रार असते, पण एवढं मराठी त्यांना नक्की कळतं.

तर आज रात्री जेवताना मुलांना ही पेट्रोल पंपाची गोष्ट सांगा. आणि सांगून झाल्यावर त्यांना विचारा, तो गोलकीपर नसता तर? उत्तर देण्याची घाई करू नका. मुलं काय म्हणतात ते ऐका.

पुढच्या रविवारी पुन्हा भेटू. तोवर काळजी घ्या. नमस्कार.