‘किंवा समकक्ष’

विद्यापीठातल्या अध्यापकपदाची जाहिरात निघते तेव्हा पात्रतेच्या रकान्यात बहुतेक वेळा एक शब्दप्रयोग असतो: ‘किंवा समकक्ष’. ही समकक्षता कोणी ठरवायची, यावर आपल्याकडे साठ वर्षांहून अधिक काळ कोर्टकचेऱ्या चालू आहेत.

त्यातला पायाचा खटला म्हैसूर विद्यापीठाचा. १९५९ साली विद्यापीठाने इंग्रजीच्या प्रपाठकपदासाठी जाहिरात दिली. अट अशी की भारतीय विद्यापीठाची प्रथम किंवा उच्च द्वितीय श्रेणीतली एम.ए. हवी, नाहीतर परदेशी विद्यापीठाची समकक्ष पदवी. निवड झाली अण्णय्या गौडा यांची. त्यांना इथल्या एम.ए.ला ५०.२ टक्के गुण होते, पण त्यांच्याकडे इंग्लंडच्या डरहॅम विद्यापीठाचीही एम.ए. होती. सी. डी. गोविंद राव यांनी अधिकारपृच्छेची याचिका केली: हे गृहस्थ कोणत्या अधिकाराने या पदावर बसले आहेत? उच्च न्यायालय म्हणाले, ५०.२ टक्के म्हणजे ‘उच्च’ द्वितीय श्रेणी नव्हे, आणि नेमणूक रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाने २६ ऑगस्ट १९६३ रोजी तो निकाल फिरवला. तज्ज्ञांच्या निवड मंडळाने डरहॅमची पदवी समकक्ष मानली असेल, तर न्यायाधीशांनी त्यात आपली फूटपट्टी लावू नये. शैक्षणिक बाबी शिक्षणतज्ज्ञांवर सोडाव्यात.

हा निकाल लिहिला न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी. साताऱ्यात जन्मलेला हा माणूस पुढे देशाचा सरन्यायाधीश झाला आणि निवृत्तीनंतर मुंबई विद्यापीठाचा कुलगुरू. म्हणजे ज्या खुर्चीवर विश्वास ठेवा असे त्यांनी न्यायाधीशांना सांगितले, त्याच खुर्चीवर ते स्वतः येऊन बसले. त्यांच्या हेतूबद्दल मला शंका नाही. पण एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. मंडळ गौडांच्या बाजूचे होते, म्हणून या तत्त्वाने गौडा वाचले. मंडळच उमेदवाराच्या विरोधात असेल तर हेच तत्त्व त्याच्यासाठी कोर्टाचा दरवाजा लावून घेते.

वरळी कोळीवाड्यातल्या माझ्या एका मित्राचे तेच झाले. त्याची एम.ए. प्राचीन भारतीय संस्कृती या विषयाची, जागा इतिहासाची. छाननी समितीने ‘संबंधित विषय नाही’ असा शेरा मारला आणि फाइल मिटली. अशोकाचे शिलालेख वाचू शकणारा माणूस आज तासिका तत्त्वावर शिकवतो. तो कोर्टात गेला नाही. वकिलाने त्याला गोविंद राव खटलाच वाचून दाखवला!

आपल्या समाजाच्या दृष्टीने याची दुसरी बाजू अधिक जुनी आहे. असहकाराच्या काळात, १९२० साली अलीगढला जामिया मिलिया उभी राहिली आणि १९२१ साली पुण्यात टिळक महाराष्ट्र विद्यापीठ. दोन्ही एकाच विचाराची लेकरे: सरकारी शिक्का नको, आपली पदवी आपण देऊ. स्वराज्य आल्यावर मात्र शिक्का लागलाच. विद्यापीठ अनुदान आयोगाचा कायदा १९५६ चा; त्याच्या कलम २२ नुसार पदवी देण्याचा हक्क कायद्याने स्थापन झालेल्या विद्यापीठाला, अभिमत संस्थेला किंवा संसदेने खास अधिकार दिलेल्या संस्थेलाच. जामियाला अभिमत दर्जा १९६२ साली मिळाला, टिळक विद्यापीठाला १९८७ साली.

याच कलमावर ५ नोव्हेंबर २०२४ रोजी उत्तर प्रदेशच्या मदरसा कायद्याचा एक भाग कोसळला. सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड यांच्या पीठाने कायदा वैध ठरवला, मुलांचे मदरशातले शिक्षण वाचवले; पण कामिल आणि फाजिल या पदवी व पदव्युत्तर पातळीच्या सनदा देण्याची तरतूद रद्द केली. घटनेच्या दृष्टीने निकाल बरोबर आहे असेच मला वाटते. प्रश्न उरतो तो फाजिल होऊन अरबी-फारसी शिकवू पाहणाऱ्या मुलाचा. त्याच्या ज्ञानाची परीक्षा झालीच नाही, फक्त कागदाची झाली. त्याने आता मान्यताप्राप्त विद्यापीठातून पुन्हा बी.ए., एम.ए. करायचे. मदरशांनी हे आधीच ओळखून विद्यापीठांशी संलग्नता मागायला हवी होती, हेही बोललेच पाहिजे.

आणि पुन्हा पदव्या मिळवल्या तरी सुटका नाही. महाराष्ट्रात १९ सप्टेंबर १९९१ ते ३ एप्रिल २००० या काळात नेट-सेटशिवाय नेमलेले प्राध्यापक वर्षानुवर्षे टांगणीला होते. २०१३ साली परीक्षांवर बहिष्कार झाला, त्यानंतर २७ जून २०१३ च्या शासन निर्णयाने त्यांना नियमित केले. पण सेवा नेमणुकीपासून धरायची की निर्णयाच्या तारखेपासून, यावर पुन्हा याचिका. पीएच.डी.चेही तेच: २००६ साली नेटमधून सूट, २००९ साली फक्त नव्या नियमांनी झालेल्या पीएच.डी.ला सूट, आणि १६ मार्च २०१५ रोजी पी. सुशीला खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्या बदलावर शिक्कामोर्तब केले. जुन्या नियमांनी पीएच.डी. केलेल्यांसाठी आयोगाने २०१६ साली पुन्हा दुरुस्ती केली. तोवर अनेकांच्या हातून जागा गेल्या होत्या.