नगरे व अर्थव्यवस्थांची अवकाशीय प्रारूपे

नगरे, बाजारपेठा, वाहतुकीचे मार्ग आणि माणसांचे व्यवहार यांची परस्परांत गुंतलेली रचना गणिताच्या किंवा संगणकाच्या साहाय्याने मांडणाऱ्या पद्धतींना अवकाशीय प्रारूपे असे म्हणतात. येथे 'अवकाश' या शब्दाचा अर्थ अंतराळ असा नसून भूपृष्ठावरील स्थान, अंतर व विस्तार असा आहे. या पद्धतींत नगराकडे किंवा प्रदेशाकडे जटिल प्रणाली म्हणून पाहिले जाते. असंख्य व्यक्ती आपापले लहान निर्णय घेतात, त्यांतून कोणीही न आखलेली मोठी रचना उभी राहते आणि ती रचना पुढील निर्णयांना वळण लावते. महाराष्ट्राच्या दक्षिण टोकाला असलेला सिंधुदुर्ग जिल्हा, विशेषतः मालवण-वेंगुर्ल्याची किनारपट्टी, या संकल्पना समजून घेण्यास सोयीची आहे. तेथील नगरे लहान व मार्ग मोजके आहेत आणि मार्ग बदलल्याचे परिणाम इतिहासात स्पष्ट दिसतात.

इतिहास

या विषयाचा आरंभ सामान्यतः योहान हाइनरिश फॉन ट्युनेन या जर्मन जमीनदाराच्या 1826 मधील ग्रंथापासून मानला जातो. बाजारपेठेपासूनच्या अंतरानुसार कोणत्या पट्ट्यात कोणते पीक घेणे परवडते, याचे गणित त्याने मांडले. वाल्टर क्रिस्टालर याने 1933 मध्ये दक्षिण जर्मनीतील गावांच्या अभ्यासावरून केंद्रीय स्थान सिद्धान्त मांडला. दैनंदिन गरजेच्या वस्तू लहान गावात मिळतात, तर क्वचित लागणाऱ्या वस्तूंसाठी व सेवांसाठी लोक दूरच्या मोठ्या केंद्रात जातात, हे त्याचे सूत्र होय. आयरा लाउरी याने 1964 मध्ये पिट्सबर्ग शहरासाठी रोजगार, निवास व वाहतूक यांना जोडणारे संगणकीय प्रारूप तयार केले.

या सुरुवातीच्या प्रारूपांत व्यवस्था समतोलाकडे जाते असे गृहीत धरलेले असे. नगर ही सुसंघटित जटिलतेची समस्या आहे, हा विचार जेन जेकब्स यांनी 1961 मध्ये मांडला. समतोलापासून दूर असलेल्या प्रणालींवरील कार्यासाठी इल्या प्रिगोजिन यांना 1977 चे रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले. त्यांच्या ब्रसेल्स येथील गटातील पीटर ॲलन यांनी हे विचार नगरांच्या वाढीला लावले. पॉल क्रुगमन यांनी 1991 मध्ये उद्योगांच्या केंद्रीकरणाचे, तर मायकेल बॅटी यांनी 2005 मध्ये प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात नगरांच्या जटिलतेचे विवेचन केले.

अंतर आणि आकर्षण

सर्वांत परिचित प्रारूप गुरुत्व प्रारूप हे होय. बाजारपेठेचे आकर्षण तिच्या आकारमानाबरोबर वाढते व अंतराबरोबर घटते, असे त्यात मानले जाते. उदाहरणार्थ, एका काल्पनिक खेड्यापासून 5 किलोमीटरवर एक लहान बाजार आणि 10 किलोमीटरवर त्याच्या चौपट मोठा बाजार आहे. आकर्षण अंतराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात घटते असे धरल्यास दोन्ही बाजारांना निम्मे निम्मे ग्राहक मिळतील. एका पुलामुळे मोठ्या बाजाराचे अंतर 8 किलोमीटर झाले, तर त्याचा वाटा सुमारे 61 टक्के होईल. ग्राहक वाढल्यामुळे तेथे दुकाने वाढतील आणि दुकाने वाढल्यामुळे आणखी ग्राहक येतील. परिणाम पुन्हा कारणाला बळ देतो, या प्रक्रियेस धन प्रत्याभरण म्हणतात.

नकाशावरील सरळ अंतर व प्रत्यक्ष प्रवासाचे अंतर यांत मोठा फरक असू शकतो. कर्ली खाडीच्या मुखाशी मालवण तालुक्यातील देवबाग आणि वेंगुर्ले तालुक्यातील भोगवे ही गावे समोरासमोर आहेत. होडीने खाडी ओलांडणे थोड्या वेळाचे काम असले, तरी रस्त्याने मोठा वळसा पडतो. म्हणून अशा प्रदेशाच्या प्रारूपात किलोमीटरपेक्षा लागणारा वेळ, खर्च व ऋतू यांना अधिक महत्त्व असते.

कोकणातील आठवडा बाजार हेही या संदर्भातील उत्तम उदाहरण आहे. एका गावाची मागणी व्यापाऱ्यास रोज पुरेशी नसते, पण पाच-सहा गावांची मागणी एकत्रित पुरेशी ठरते. त्यामुळे व्यापारी दररोज वेगळ्या गावी जातो आणि निरनिराळ्या गावांचे बाजाराचे वार वेगळे राहतात. केंद्रीय स्थान सिद्धान्तातील किमान मागणीची अट येथे काळाच्या वाटणीतून पूर्ण होते.

बंदरे, रेल्वे व मार्गावलंबन

पूर्वी घडलेल्या घटनांचा प्रभाव पुढील वाढीवर दीर्घकाळ टिकतो, यास मार्गावलंबन म्हणतात. सतराव्या शतकात वेंगुर्ले येथे डचांची वखार होती आणि मालवणच्या बेटावर छत्रपती शिवाजी महाराजांनी 1664 मध्ये सिंधुदुर्ग किल्ल्याच्या बांधकामास प्रारंभ केला. एकोणिसाव्या शतकात वेंगुर्ले बंदर घाटमार्गाने बेळगाव परिसराशी जोडलेले होते. 1888 मध्ये गोव्यातील मुरगाव बंदर रेल्वेने घाटावरील प्रदेशाशी जोडले गेल्यानंतर तो व्यापार तिकडे वळला. वेंगुर्ल्याचे स्थान, खाडी वा किनारा यांत काहीच बदल झाला नव्हता; बदलले होते ते इतर स्थानांशी असलेले त्याचे नाते.

विसाव्या शतकात मुंबई-गोवा मार्गावरील आगबोटी विजयदुर्ग, देवगड, मालवण व वेंगुर्ले या बंदरांत थांबत. पावसाळ्यात ही वाहतूक बंद राहत असे. पुढे रस्त्यांचा विस्तार झाला आणि 26 जानेवारी 1998 रोजी कोकण रेल्वे संपूर्ण मार्गावर सुरू झाली. तिची वैभववाडी, कणकवली, कुडाळ व सावंतवाडी ही स्थानके किनाऱ्यापासून आत आहेत. मालवण तर कुडाळपासून सुमारे 30 किलोमीटर दूर आहे. महामार्गही आतूनच जात असल्याने प्रवासाची मुख्य रेषा बंदरांकडून आतल्या नगरांकडे सरकली. 9 ऑक्टोबर 2021 रोजी वेंगुर्ले तालुक्यातील चिपी येथे विमानतळाचे उद्घाटन झाले व किनाऱ्याजवळ वाहतुकीचे एक नवे केंद्र निर्माण झाले.

प्रणालीची सीमा

प्रारूप रचताना प्रणालीची सीमा कोठे आखावी, हा कळीचा प्रश्न असतो. नगरांच्या क्रम-आकार नियमानुसार दुसऱ्या क्रमांकाच्या नगराची लोकसंख्या पहिल्याच्या साधारण निम्मी असते. 2011 च्या जनगणनेत सावंतवाडीची लोकसंख्या सुमारे 24 हजार असताना मालवणची 18 ते 19 हजार आणि कणकवलीची सुमारे 16 हजार होती. हा नियम येथे लागू पडत नाही, कारण जिल्हा ही स्वयंपूर्ण प्रणाली नाही. उच्च शिक्षण, मोठे उपचार, घाऊक व्यापार व नोकरी यांसाठी येथील लोक मुंबई, गोवा, कोल्हापूर व बेळगाव येथे जातात. जिल्ह्याचे खरे 'पहिले नगर' जिल्ह्याबाहेर आहे.

मुंबईच्या कापड गिरण्यांत व अन्यत्र काम करणाऱ्या चाकरमान्यांच्या मनीऑर्डरींवर कोकणातील असंख्य घरे चालत. त्यामुळे 18 जानेवारी 1982 रोजी सुरू झालेल्या गिरणी संपाचे चटके शेकडो किलोमीटर दूरच्या खेड्यांनाही बसले. केवळ जिल्ह्याच्या सीमेत राहणाऱ्या प्रारूपात हा आघात कारणाविना अवतरल्यासारखा दिसेल.

जिल्ह्याची लोकसंख्या 2001 मध्ये 8,68,825 होती. ती 2011 मध्ये 8,49,651 झाली. त्याच जनगणनेत दर 1000 पुरुषांमागे 1036 स्त्रिया होत्या. पुरुषांचे स्थलांतर हे अशा प्रमाणाचे एक प्रमुख कारण मानले जाते. रेल्वे आल्यानंतरच्या दशकात लोकसंख्या घटली, म्हणून रेल्वेलाच कारण ठरवता येत नाही. मात्र वाहतूक सुधारली की मागास भाग आपोआप भरभराटतो, ही समजूतही अपुरी ठरते. क्रुगमन यांच्या प्रारूपानुसार वाहतूक खर्च घटल्यावर उद्योग व कामगार परिघातून केंद्राकडे एकवटू शकतात. ज्या वाटेने पर्यटक येतात, त्याच वाटेने तरुण बाहेरही जातात.

कर्ता-आधारित प्रारूपे

या प्रकारात प्रत्येक व्यक्ती, कुटुंब वा होडी ही स्वतंत्र कर्ता मानली जाते व तिला साधे नियम दिले जातात. थॉमस शेलिंग यांनी 1971 मध्ये दाखवले की शेजाऱ्यांविषयीच्या सौम्य पसंतीतूनही तीव्रपणे विभागलेल्या वस्त्या निर्माण होऊ शकतात.

मालवण किनाऱ्यावरील मासेमारीचा विचार या पद्धतीने करता येतो. रापण ओढणारे मच्छीमार किनाऱ्यालगतच्या पाण्यावर अवलंबून असतात, तर पर्ससीन जाळ्यांच्या यांत्रिक नौका थव्यांचा दूरवर पाठलाग करू शकतात. प्रत्येकाचा निर्णय स्वतःपुरता शहाणपणाचा असला, तरी सर्वांचा एकत्रित परिणाम मत्स्यसाठा घटण्यात होऊ शकतो. राज्य शासनाने 2016 मध्ये पर्ससीन मासेमारीवर कालावधी व क्षेत्राच्या मर्यादा घातल्या. अशा नियमांचा भार कोणत्या गटावर किती पडेल, हे पडताळण्यास ही प्रारूपे उपयुक्त ठरतात. तारकर्ली-देवबाग परिसरातील निवास-न्याहारी व्यवसायाची वाढ, त्यासाठी लागणारे गोडे पाणी आणि होड्या लावण्याची किनाऱ्यावरील जागा यांचाही अभ्यास याच रीतीने करता येतो.

उपयोग व मर्यादा

जटिल प्रणालीत लहान फरकातून मोठे परिणाम संभवत असल्याने ही प्रारूपे भविष्य वर्तवत नाहीत. निरनिराळ्या निर्णयांचे संभाव्य परिणाम शेजारी मांडून दाखवतात. त्यांची विश्वसनीयता गृहीतकांवर व माहितीवर अवलंबून असते. गणेशोत्सवात चाकरमानी परतल्याने गजबजणारी आणि एरवी कुलूपबंद असणारी घरे जनगणनेच्या एका आकड्यात दिसत नाहीत. अनौपचारिक व्यवहार, घरातील स्त्रियांचे मासळीविक्रीचे श्रम आणि सामायिक किनाऱ्यावरील परंपरागत वहिवाट यांचीही नोंद सहसा अपुरी असते. जे मोजले जात नाही ते प्रारूपात शून्य ठरते आणि आराखड्यातही त्याला जागा मिळत नाही. म्हणून प्रारूपाची गृहीतके खुली ठेवणे व स्थानिकांकडून ती तपासून घेणे, हा या पद्धतीचा आवश्यक भाग मानला जातो.