रिमफायर रायफलीचा चाप

काडतुसाच्या तळाच्या कडेवर आघात करून जिच्यातील गोळी उडविली जाते, अशा रायफलीस रिमफायर रायफल म्हणतात. आज प्रचारात असलेल्या अशा रायफली बहुतांशी ·२२ इंच (सु. ५·६ मिमी.) व्यासाच्या असून नेमबाजीचे शिक्षण, क्रीडास्पर्धा आणि लहान प्राण्यांची शिकार यांसाठी त्या वापरल्या जातात. नेमबाजाचे बोट ज्या लहानशा तरफेवर टेकते, ती तरफ म्हणजे चाप होय. बोलीभाषेत तिलाच घोडा असेही म्हणतात. चाप ओढून बार उडविण्यासाठी जितके बल लावावे लागते, त्यास चापाचा भार म्हणतात व तो ग्रॅम किंवा पौंड यांत मोजतात. हा भार जास्त असेल, तर बोटाच्या जोराने नेम ढळतो; तो फाजील कमी केला, तर नको त्या क्षणी बार उडण्याचा धोका संभवतो. या दोन टोकांमधील सुरक्षित मार्ग शोधण्याचा प्रयत्न म्हणजेच रिमफायर रायफलीच्या चापाचा इतिहास होय.

रचना व कार्य : रायफलीचा बोल्ट मागेपुढे केला की, आघातकामागील मुख्य स्प्रिंग दाबली जाते. दाबलेल्या स्थितीत आघातकाला रोखून धरण्याचे काम सीअर नावाचा पोलादी अटकाव करतो. सीअरची कड आघातकाच्या किंवा चापाच्या खाचेत गुंतलेली असते. चाप ओढला की या दोन कडा एकमेकींवरून सरकतात, आघातक सुटतो आणि काडतुसावर आदळतो. या क्रियेत तीन राशी महत्त्वाच्या असतात : चापाचा भार; सीअर व खाच यांची परस्परांतील पकड, म्हणजे त्या किती खोलवर गुंतलेल्या आहेत ते अंतर; आणि आघातक सुटल्यानंतरही चाप मागे जात राहतो ती अतिरिक्त चाल.

चापाचा भार दोन मार्गांनी कमी करता येतो. पहिला मार्ग म्हणजे चापाला पूर्वस्थितीत आणणारी स्प्रिंग सैल करणे किंवा सरकणारे पृष्ठभाग अधिक गुळगुळीत बनविणे. दुसरा मार्ग म्हणजे पकडच उथळ करणे. बोटाला दोहोंचा परिणाम सारखाच जाणवतो. परंतु दुसऱ्या मार्गात आघातकाला रोखून धरणारे पोलादच कमी होत असल्याने रायफल दगडावर आपटली किंवा बोल्ट जोराने बंद केला, तरी बार उडू शकतो. चापासंबंधीच्या पुष्कळशा अपघातांचे मूळ या दोन मार्गांतील फरक न ओळखण्यात आहे.

रिमफायर प्रकारात ही अडचण विशेष तीव्र होते. या काडतुसातील स्फोटक मिश्रण तळाच्या पोकळ कडेत भरलेले असते. आघातक आणि नळीच्या कोठीची कड यांच्यामध्ये ही कड चेचली गेल्यावरच ते पेट घेते. त्यासाठी आघात जोरकस असावा लागतो. मुख्य स्प्रिंग अशक्त केल्यास काडतूस फुसके जाते. म्हणून स्प्रिंग सशक्त ठेवावी लागते आणि तिचा सर्व दाब सीअरवर येऊन घर्षण वाढते. सशक्त स्प्रिंग आणि हलका चाप ही दोन्ही उद्दिष्टे एकाच वेळी कशी साधावीत, हा या रायफलींच्या निर्मात्यांपुढील मुख्य प्रश्न होता.

इतिहास : तोड्याच्या साध्या बंदुकीत चाप दाबला की, जळता तोडा रंजकावर उतरत असे. तेथे बोटाचे बलच सर्व काम करीत असल्यामुळे अडवून धरलेल्या शक्तीचा प्रश्न उद्भवत नव्हता. चकमकीच्या बंदुका सतराव्या शतकात प्रचारात आल्या, तेव्हा स्प्रिंगेत साठविलेली शक्ती खाचेत अडकवून ठेवण्याची पद्धत रूढ झाली. घोडा अर्धा चढवून ठेवण्याची खोल खाच ही तीमधील सुरक्षेची सोय होती. जर्मन भाषिक प्रदेशांतील कारागिरांनी त्यापूर्वीच आडव्या धनुष्यासाठी व बंदुकीसाठी दुहेरी चापाची योजना केली होती. तीत पहिला चाप ओढला की एक लहान स्प्रिंग ताणली जाई आणि दुसऱ्या चापाला नुसता स्पर्श होताच ती सुटून सीअरला ठोका देई. नेमबाजीसाठी ही रचना उत्कृष्ट होती; तथापि ताणलेल्या स्थितीत हलक्याशा धक्क्यानेही बार उडत असल्यामुळे नेम धरल्यानंतरच ती ताणावी असा दंडक होता.

फ्रेंच बंदूक-कारागीर ल्वी-निकोला फ्लोबेर याने १८४५ च्या सुमारास आघाती टोपीतच छोटी गोळी बसवून रिमफायर काडतुसाचा पाया घातला. त्याच्या बंदुका घरातील दिवाणखान्यात नेमबाजी करण्यासाठी वापरीत. १८५७ मध्ये अमेरिकेतील स्मिथ अँड वेसन या कंपनीने ·२२ व्यासाचे स्वयंपूर्ण धातूचे काडतूस व त्याचे रिव्हॉल्व्हर बाजारात आणले. १८६० मध्ये हेन्री रायफलीसाठी ·४४ व्यासाचे रिमफायर काडतूस निघाले. मात्र चेचली जाण्यासाठी कड पातळ ठेवावी लागत असल्याने या काडतुसांना फार मोठा दाब सोसत नसे. त्यामुळे मोठ्या शक्तीच्या शस्त्रांत तळाच्या मध्यभागी आघात होणारी काडतुसे रूढ झाली आणि रिमफायर प्रकार लहान व्यासापुरता मर्यादित राहिला. १८८७ मध्ये स्टीव्हन्स कंपनीने काढलेले ·२२ लाँग रायफल हे काडतूस मात्र इतके यशस्वी ठरले की, तेच आजही सर्वत्र प्रचलित आहे. त्याची शिशाची गोळी सु. २·६ ग्रॅ. वजनाची असते. ती लहान दिसत असली, तरी सु. दीड किमी. अंतरापर्यंत जाऊ शकते व प्राणघातक ठरू शकते.

बोअर युद्धात (१८९९–१९०२) ब्रिटिश सैनिकांच्या नेमबाजीतील उणिवा उघड झाल्या. त्यानंतर लॉर्ड रॉबर्ट्स यांच्या प्रोत्साहनाने इंग्लंडमध्ये लहान व्यासाच्या रायफलींच्या मंडळांची चळवळ फोफावली आणि १९०८ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये या रायफलींच्या स्पर्धांचा समावेश झाला. स्पर्धांमुळे चापाकडे नव्या दृष्टीने पाहिले जाऊ लागले. रायफलीचे वजन चारपाच किग्रॅ. आणि चापाचा भार दोन-अडीच किग्रॅ. असेल, तर बोट आवळताना संपूर्ण रायफल हलते, हे नेमबाजांच्या ध्यानात आले. अमेरिकेत विंचेस्टर कंपनीने १९१९ मध्ये मॉडेल ५२ ही रायफल न्यू जर्सीतील कॉल्डवेल येथील स्पर्धांत प्रथम सादर केली. १९२९ मध्ये तिला शीघ्र आघाताची यंत्रणा बसविण्यात आली. चाप सुटणे आणि आघात होणे यांमधील काळ त्यामुळे घटला व तेवढ्या काळात नेम ढळण्याचा संभव कमी झाला. दुसऱ्या महायुद्धानंतर उल्म येथे पुन्हा उभारल्या गेलेल्या आन्शुट्झ या जर्मन कंपनीने १९५४ मध्ये मॅच ५४ ही रचना काढली. स्पर्धांसाठीच्या अशा रायफलींत आघातकाचा दाब एकाच कडेवर न घेता अनेक तरफांतून टप्प्याटप्प्याने कमी करीत चापापर्यंत आणतात. त्यामुळे पकड पुरेशी ठेवूनही चाप अतिशय हलका करता येतो. दोन टप्प्यांच्या चापात पहिल्या टप्प्यात मोकळी चाल संपते व दुसऱ्या टप्प्याच्या उंबरठ्यावर बोट थांबविता येते. सशक्त स्प्रिंग आणि हलका चाप यांचा मेळ अशा प्रकारे जुळविला गेला.

सर्वसामान्य शिकारी रायफलींत मात्र एवढी खर्चिक यंत्रणा बसविणे परवडण्यासारखे नव्हते. स्क्रूने समायोजन करता येणारे साधे चाप विसाव्या शतकाच्या मध्यास लोकप्रिय झाले. त्यांचे स्क्रू कसेही फिरविल्यास काय घडू शकते, हे अपघातांनी दाखवून दिले. निर्मात्याच्या कारखान्यातील रचनेतही दोष राहू शकतो, याचे एक उदाहरण रेमिंग्टन कंपनीच्या मॉडेल ६०० या मोठ्या शक्तीच्या रायफलीचे होय. सुरक्षा खटका व चाप एका विशिष्ट प्रकारे हाताळले गेल्यास पुढे खटका काढताच बार उडू शकतो, असे आढळल्यावरून १९७८ मध्ये या रायफली दुरुस्तीसाठी परत मागविण्यात आल्या. ही रायफल रिमफायर नसली, तरी तिच्यापासून मिळालेला धडा सर्वच चापांना लागू आहे. भरपाईच्या दाव्यांच्या भीतीने अनेक अमेरिकी निर्माते चाप जड ठेवू लागले. परिणामी काही मालक घरीच सीअर घासून तो हलका करू लागले, म्हणजे एक धोका टाळण्याच्या उपायातून दुसरा उद्भवला. २००३ च्या सुमारास सॅव्हेज कंपनीने चापाच्या मध्यभागी एक पातळ पाते असलेली रचना प्रचारात आणली व पुढे ती रिमफायर रायफलींनाही लागू केली. पाते दाबल्याशिवाय सीअर सुटला, तर दुसरा अटकाव त्यास अडवितो. त्यामुळे मालकास निर्मात्याने आखलेल्या मर्यादेत भार कमीजास्त करता येऊ लागला.

स्पर्धांचे नियम : आंतरराष्ट्रीय नेमबाजी महासंघाच्या नियमांत ५० मी. रायफल प्रकारासाठी चापाच्या भाराची किमान मर्यादा घातलेली नाही, ३०० मी. प्रमाणित रायफलीसाठी मात्र ती १,५०० ग्रॅ. आहे. अमेरिकेतील साध्या रिमफायर रायफलींच्या एका स्पर्धाप्रकारात ती ३ पौंड (सु. १,३६० ग्रॅ.) ठेवलेली आहे. अतिशय हलक्या चापाला स्पर्धेत मुभा मिळते, ती तेथील शिस्तीमुळे. गोळीबार चालू नसताना रायफलीच्या कोठीत सुरक्षा-निशाण घालून ठेवणे तेथे सक्तीचे असून नळी सदैव लक्ष्याच्याच दिशेस ठेवावी लागते.

भारतातील स्थिती : राष्ट्रीय छात्रसेनेतील विद्यार्थ्यांना नेमबाजीचे पहिले धडे ·२२ रायफलीवरच मिळतात. महाराष्ट्रात कोल्हापूर जिल्ह्याने या प्रकारात मोठी कीर्ती मिळविली आहे. तेजस्विनी सावंत यांनी २०१० मध्ये म्यूनिक येथील जागतिक स्पर्धेत ५० मी. रायफल प्रोन प्रकारात सुवर्णपदक पटकाविले, तर स्वप्नील कुसाळे यांनी २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये ५० मी. रायफल त्रिस्थिती प्रकारात कांस्यपदक मिळविले. शस्त्र अधिनियम, १९५९ अन्वये शस्त्रांची दुरुस्ती व रूपांतर यांसाठी परवाना लागतो. म्हणून निर्मात्याने दिलेल्या स्क्रूपलीकडील कोणतेही काम परवानाधारक कारागिराकडूनच करून घेणे आवश्यक आहे.

सुरक्षित समायोजन : वरील इतिहासातून समायोजनाचे काही सर्वमान्य दंडक निर्माण झाले आहेत. काम सुरू करण्यापूर्वी काडतूसपेटी काढून घ्यावी, बोल्ट उघडावा आणि कोठी रिकामी असल्याची डोळ्यांनी व बोटानेही खात्री करून घ्यावी. काडतुसे त्या खोलीत ठेवू नयेत. निर्मात्याच्या पुस्तिकेत दाखविलेला भाराचा स्क्रूच फिरवावा आणि तोही तेथे दिलेल्या मर्यादेत. पकडीच्या स्क्रूला हात लावू नये, तसेच सीअर वा खाच कानसेने घासू नये. त्यांवरील कठीण केलेला थर पातळ असतो व तो गेल्यावर पोलाद लवकर झिजते. भार अंदाजाने न ठरविता काट्याने मोजावा किंवा नळी उभी वर धरून चापाला ठराविक वजन टांगून तपासावा, आणि अनेक मापनांची सरासरी घ्यावी.

समायोजनानंतरची चाचणी हा या कामाचा अविभाज्य भाग होय. रिकामी रायफल चढवून बोल्ट अनेकदा जोराने बंद करावा. दस्त्याची टाच जाड गादीवर आपटून पहावी. सुरक्षा खटका लावून चाप ओढावा, सोडावा आणि नंतर खटका काढावा. यांपैकी कोणत्याही वेळी आघातक सुटला, तर ती रायफल वापरास अयोग्य समजून कारागिराकडे द्यावी. अमेरिकी उद्योगमानकातील एका चाचणीत सुरक्षा खटका लावलेले शस्त्र ४ फूट (सु. १·२ मी.) उंचीवरून रबरी गादीवर पाडून पाहतात. रिमफायर रायफलीबाबत आणखी एक दक्षता घ्यावी लागते. रिकाम्या कोठीत चाप ओढल्यास अनेक रायफलींत आघातक थेट कोठीच्या कडेवर आदळून तिला खाच पाडतो, म्हणून चाचणीसाठी निर्धोक असे नकली काडतूस वापरावे.

चाप कितीही सुरक्षित असला व सुरक्षा खटका कितीही चांगला असला, तरी ती यंत्रेच आहेत; झीज, धूळ, घट्ट झालेले जुने तेल किंवा गंज यांनी त्यांचे कार्य बिघडू शकते. यामुळे नळी कोणाकडेही न रोखणे आणि नेम धरेपर्यंत बोट चापाबाहेर ठेवणे, हे दोन नियम चापाच्या सर्व सुधारणांनंतरही नेमबाजीच्या शिक्षणात अग्रस्थानी राहिले आहेत.