खुलताबादचे नोंदकार आणि चोरून टिपण्याचा प्रश्न

महाविद्यालयाच्या आवारात चोरून होणाऱ्या चित्रणाची चर्चा सहसा मोबाइलपासून सुरू होते. परंतु गुरू-शिष्यांच्या बैठकीतील बोलणे बोलणाऱ्याच्या नकळत टिपले जाणे ही गोष्ट कितीतरी जुनी असून तिचा एक धागा दौलताबादजवळच्या खुलताबादेत येऊन पोचतो. तेथे चिरनिद्रा घेणारा फारसी कवी अमीर हसन सिज्झी याने दिल्लीत १३०८ पासून आपले गुरू निजामुद्दीन औलिया यांची संभाषणे लिहून ठेवली आणि त्यांतून ‘फवाइद-उल-फुआद’ हा ग्रंथ, म्हणजे ‘मलफूजात’ या सूफी वचनसंग्रहांच्या प्रकारातील आदर्श नमुना, सिद्ध झाला. वर्षभराहून अधिक काळ गुरूंना याची कल्पना नव्हती. पुढे हसनने आपण होऊन ते सांगितले व कागद त्यांच्यापुढे ठेवले. मधल्या काही कोऱ्या जागांविषयी विचारणा झाली तेव्हा, तेथील शब्द नीट स्मरले नाहीत, असे त्याने सांगितले आणि गुरूंनीच त्या जागा भरून दिल्या. महंमद तुघलकाने राजधानी हलवल्यानंतर हसन दौलताबादेस आला, तर निजामुद्दीनांचे शिष्य बुऱ्हाणुद्दीन गरीब यांची वचने रुक्नुद्दीन काशानी व त्याच्या भावांनी नोंदवून ही परंपरा दख्खनेत रुजवली.

खुलताबादेतच, बुऱ्हाणुद्दीनांचे उत्तराधिकारी जैनुद्दीन शिराझी यांच्या दर्ग्याच्या आवारात, औरंगजेबाची कबर आहे. त्याच्या काळच्या मुघल कारभारात सुभेदाराच्या दरबारातील घडामोडी लिहिणारा वाकेनवीस सर्वांना ठाऊक असे. खुफियानवीस मात्र ओळख लपवून परस्पर बादशहाकडे बातमी धाडी, आणि ज्याच्याविषयी ती असे त्याला ती पाहण्याची वा दुरुस्त करण्याची सोय नसे. हसनची नोंदही आरंभी गुप्तच होती, हे नाकारण्यात अर्थ नाही; पण ती अखेर ज्याची होती त्याच्याच हाती गेली, आणि खरा फरक तेथे पडतो.

वसतिगृहाच्या स्नानगृहात दडवलेला कॅमेरा उघडच दुसऱ्या परंपरेतला आहे, किंबहुना त्याला राज्यकारभाराचे निमित्तही नाही. माहिती तंत्रज्ञान कायद्यातील कलम ६६-ई संमतीविना खासगी अवयव टिपण्यास शिक्षा सांगते. २०१३ मध्ये दंडसंहितेत आलेली आणि १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ मध्ये असलेली, चोरून पाहण्या-टिपण्याविरुद्धची तरतूद केवळ स्त्रीला संरक्षण देते. गोपनीयता हा मूलभूत हक्क असल्याचा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये दिला असला, तरी ही दोन्ही कलमे दृश्यापुरतीच असून विद्यार्थ्याचे चोरून ध्वनिमुद्रित केलेले बोलणे त्यांच्या कक्षेत येत नाही.