मोट गळली की पारख होई

साताऱ्याजवळ लिंब गावात बारामोटेची विहीर आहे. बांधकामाचा काळ शके १६४१ ते १६४६, म्हणजे इ.स. १७१९ ते १७२४. शके न ओळखणारे तो आकडा इसवी सन समजून तिला खुशाल अठ्ठ्याहत्तर वर्षांनी जुनी करून टाकतात. लोक तिथे कमानी आणि शिल्पं बघतात. मी चांभाराच्या घरातला, त्यामुळे माझी नजर मोटेचं पाणी पडायच्या थारोळ्याकडेच जाते. बारा मोटा म्हणजे पाणी उपसायच्या बारा कातडी पिशव्या, आणि त्याही दिवसभर पाण्यात. कच्चं कातडं तिथे चार दिवसांत कुजलं असतं.

त्या काळी कातडं खरं की खोटं, हा प्रश्नच गावात नव्हता. जनावर कुणाचं, ते माहीत. मेलं की ओढलं महारांनी, कमावलं ढोर समाजाने, शिवलं आम्ही. कमावणाऱ्याने हयगय केली तर मोट गळायची आणि सुगीला बलुतं मागायला गेलं की मालक ते बरोबर काढायचा.

कमावणं म्हणजे धीराचं काम. कातडं चुन्यात घालून केस काढायचे, आतलं मांस खरवडायचं, मग बाभळीची साल आणि हिरडा. हिरडा महाबळेश्वर-पाटणच्या डोंगरातला, बाभूळ माण-खटाव आणि जतच्या माळावरची. कातडं पिशवीसारखं शिवून टांगायचं आणि आत सालीचं पाणी ओतायचं. ते पाझरत राहायचं, खाली पडलेलं पुन्हा वर ओतायचं. त्या काळाचे गोडवे मात्र मी गाणार नाही. वास साऱ्या गावाला नको होता, माल हवा होता. म्हणून ढोरवाडा वेशीबाहेर. १९२७ साली महाडला बाबासाहेबांनी मेलेली ढोरं ओढणं सोडा म्हणून सांगितलं, ते योग्यच होतं. कातड्याची साखळी त्यामुळे कुठे तुटली असेल तर ती तुटण्याजोगीच होती.

मोट गेली ती पंपामुळे. आजच्या सांगली जिल्ह्यात १९१० साली किर्लोस्करवाडी उभी राहिली. पुढे तिथले पंप विहिरींवर बसले, इंजिनं आली, वीज आली. मोटेबरोबर तिची दुरुस्तीही संपली. हातात राहिली चप्पल. तिच्यातही रेक्झिन शिरलं, टायरचे तळ आले. २०१५ साली लागू झालेल्या कायद्याने राज्यात बैल आणि वळूंच्या कत्तलीवरही बंदी आली आणि कारागिराची मदार म्हशीच्या कातड्यावर राहिली. आता कातडं कुठून आलं हे विकणाऱ्यालाही सांगता येत नाही. पारखीची गरज पडली ती इथे.

गिऱ्हाईक काडी पेटवायला बघतं. कातडं जळलं की केस जळल्याचा वास येतो, प्लॅस्टिक वितळून गोळा होतं, हे खरंच. पण नवी चप्पल जाळून बघायची कशाला? कापलेली कडा बघा. कातड्याला तिथे तंतू दिसतात, रेक्झिनमागे विणलेलं कापड. नुसत्या वरच्या छिद्रांवर जाऊ नका, ती ठशाने उठवता येतात. तळ बघून थांबू नका, पट्टाही बघा. तळ कातड्याचा आणि वेणी रेक्झिनची, असा माल भरपूर. भुशासारखं दळलेलं कातडं चिकटवून केलेल्या पत्र्यालाही लेदरच म्हणतात. ते दुमडीवर भेगाळतं.

सालीवर कमावलेल्याची खूण वेगळी. गंजक्या खिळ्याचं पाणी एक थेंब लावलं की डाग काळा पडतो, कारण सालीतलं द्रव्य आणि लोखंड भेटलं की काळा रंग होतो. पूर्वी कातडं काळं करायला हेच वापरत. क्रोमवर कमावलेलं असं काळं पडत नाही. त्याची कडा बहुधा आतून निळसर-करडी. तेही कातडंच, खोटं नव्हे. पण कोल्हापुरी चपलेसाठी ते नाही.

जून २०२५ मध्ये मिलानच्या फॅशन शोमध्ये प्राडाने कोल्हापुरीसारख्या चपला तिचं नाव न घेता मिरवल्या, तेव्हा सगळ्यांना २०१९ चं भौगोलिक मानांकन आठवलं. ते एकट्या कोल्हापूरचं नाही. महाराष्ट्रातले कोल्हापूर, सोलापूर, सांगली, सातारा आणि कर्नाटकातले बेळगाव, धारवाड, बागलकोट, विजापूर, असे आठ जिल्हे त्यात आहेत. तरी साताऱ्यात बनलेला जोड हातात घेऊन लोक विचारतात, “ही ओरिजिनल कोल्हापुरी नाही ना?” कोल्हापूरच्या बाजारातून रेक्झिनचा जोड घेऊन आलेला माणूसही हेच विचारतो. त्याला मी आधी त्याच्याच पायातली काढायला लावतो.