शॉर्ट सर्किट झालं, मग ब्रेकर का पडला नाही?

कारखान्याला, दवाखान्याला आग लागली की दुसऱ्या दिवशी कारण छापून येतं, 'शॉर्ट सर्किट'. पंचनामाही तिथेच थांबतो. पण शॉर्ट झालं असेल तर ब्रेकर पडायला हवा होता ना? तो का पडला नाही, हे कुणी विचारत नाही.

छोट्या सर्किट ब्रेकरचं पेटंट 1924 चं, जर्मनीतल्या मानहाइमच्या ह्यूगो स्टोट्झ यांचं. त्याआधी सगळी भिस्त फ्यूजच्या तारेवर. (किटकॅटमध्ये जाड तार अडकवून भागवणारे महाभाग आपल्याकडे अजून आहेत, तो विषय वेगळा.) ब्रेकरमध्ये दोन पहारेकरी असतात. लोड वाढला की दोन धातूंची पट्टी तापून वाकते, शॉर्ट झालं की कॉइल झटक्यात खटका ओढते. आजच्या एमसीबीतही हेच आहे. पण दोघांनाही कळतो तो फक्त करंट. पुढचा स्क्रू ढिला झालाय, लग काळी पडलीय, हे त्यांना कळत नाही.

याची किंमत अमेरिकेने मोजली. 1965 च्या सुमारास तांबं महागलं, म्हणून घराघरांत अ‍ॅल्युमिनियमची वायर पडली. अ‍ॅल्युमिनियम तापलं की जास्त प्रसरण पावतं, स्क्रूच्या दाबाखाली हळूहळू दबत जातं, वर ऑक्साइडचा थर धरतं. जॉइंट ढिला झाला की तापतो, तापला की आणखी ढिला होतो. करंट मात्र रोजचाच, त्यामुळे ब्रेकर गप्प. 1972 आधीच्या अशा घरांत जॉइंट आग लागण्याइतके तापण्याची शक्यता तांब्याच्या घरांपेक्षा 55 पट जास्त, असं तिथला ग्राहक सुरक्षा आयोग सांगतो. 1977 मध्ये केंटकीतल्या बेव्हर्ली हिल्स सपर क्लबच्या आगीत 165 माणसं गेली. पुढे अ‍ॅल्युमिनियम वायर बनवणाऱ्या कंपन्यांना कोर्टात खेचलं गेलं.

आपल्या एमआयडीसीतही पॅनलला येणारी मोठी केबल बऱ्याचदा अ‍ॅल्युमिनियमचीच असते. त्यात गैर काही नाही. योग्य लग, नीट क्रिम्पिंग आणि वेळोवेळी तपासलेला बोल्ट असेल तर ती वर्षानुवर्षं चालते. पण तपासतो कोण?

9 जानेवारी 2021 ला भंडाऱ्याच्या जिल्हा रुग्णालयात 10 बाळं गेली. त्यानंतर राज्यभर रुग्णालयांच्या फायर ऑडिटचे आदेश निघाले. ऑडिटमध्ये आग विझवायचे सिलिंडर मोजून भागत नाही. लोड चालू असताना पॅनल उघडून थर्मल कॅमेऱ्याने जॉइंट बघावे लागतात. आपल्या नगरपालिकेच्या दवाखान्यात हे शेवटचं कधी झालं, ती तारीख मी माहिती अधिकारात मागितली आहे. उत्तर आलं की इथेच टाकतो.